एक बाक, चार हात

पेटी तुम्ही जवळून पाहिलेली असणार. राजूरच्या आजूबाजूच्या कुठल्याही गावात सप्ताह बसला की मंडपात पेटी येते, पखवाज येतो. पेटीवाला एका हाताने भाता हलवतो आणि दुसऱ्या हाताने सूर वाजवतो. म्हणजे वाद्य एक आणि सुरांसाठी हातही एकच. आता याच्या अगदी उलटं चित्र डोळ्यांसमोर आणा. एकच वाद्य, त्याच्यापुढे एकच बाक, बाकावर खांद्याला खांदा लावून बसलेली दोन माणसं आणि पट्ट्यांवर एकाच वेळी चार हात.

हे वाद्य म्हणजे पियानो. पेटीला साधारण साडेतीन सप्तकं असतात, आजच्या पियानोला सातहून जास्त. त्यामुळे दोघांना बसायला जागा पुरते. अशा चार हातांसाठी खास लिहिलेलं संगीत असतं, त्याला पियानो ड्युएट म्हणतात. तुम्ही म्हणाल, ही तर जुगलबंदीच झाली की! थोडीफार आहे, पण पुरती नाही. जुगलबंदीत सतारवाल्याची सतार वेगळी आणि सरोदवाल्याचा सरोद वेगळा. इथे दोघांचं वाद्य एकच. उजवीकडचा वरचे सूर सांभाळतो, डावीकडचा खालचे. मधल्या पट्ट्यांवर एकाचा डावा हात आणि दुसऱ्याचा उजवा हात एकमेकांना घासतात. एकाने वेळेवर बोट उचललं नाही, तर दुसऱ्याला ती पट्टी मिळतच नाही. सूर लांबवायचं पायातलं पेडल बहुतेक वेळा डावीकडच्याच्या ताब्यात असतं. म्हणजे उजवीकडचा जे वाजवतो, ते किती घुमायचं हे दुसऱ्याच्या पायावर अवलंबून!

या प्रकारातल्या जगातल्या सर्वोत्तम रचनांमध्ये जिचं नाव हमखास घेतलं जातं, ती १८२८ साली एका ३१ वर्षांच्या माणसाने लिहिली. नाव आहे एफ मायनर फँटसी. वीस मिनिटांच्या आसपास चालते. राजूरला एसटीत बसल्या बसल्या मोबाईलवर लावली, तर अकोल्याला पोहोचायच्या आत संपेल. लिहिणारा मात्र ते वर्ष पुरतं बघू शकला नाही. त्याचं नाव फ्रांझ शुबर्ट.

शाळेच्या घरातला मुलगा

शुबर्टचा जन्म ३१ जानेवारी १७९७ चा. ऑस्ट्रियाची राजधानी व्हिएन्ना, तिच्या वेशीबाहेरच्या एका साध्या वस्तीतला. वडील शाळामास्तर. राहतं घर आणि शाळा एकाच ठिकाणी. घरात चौदा मुलं जन्मली, त्यातली पाचच जगली. पैसा बेताचा, पण संध्याकाळी घरात वाद्यं वाजायची. वडिलांनी त्याला व्हायोलिन शिकवलं, मोठ्या भावाने पियानो शिकवला. थोड्याच दिवसांत भावाकडे शिकवायला काही उरलं नाही.

अकराव्या वर्षी त्याची निवड राजदरबारच्या चर्चमधल्या गायक मुलांमध्ये झाली. त्याबरोबर शहरातल्या चांगल्या शाळेत शिक्षण आणि राहण्याखाण्याची सोयही मिळाली. आपल्याकडे आश्रमशाळेतला एखादा हुशार पोरगा नवोदय विद्यालयात लागतो, तसंच काहीसं. तिथे श्पाउन नावाचा, वयाने आठ-नऊ वर्षांनी मोठा एक मित्र मिळाला. शुबर्टकडे संगीत लिहायला रेघांचा कागद घ्यायला पैसे नसायचे. तो कागद श्पाउन पुरवायचा. अशा किरकोळ वाटणाऱ्या मदतीवर या माणसाचं अर्धं आयुष्य चाललं, हे पुढे दिसेलच.

शुबर्टच्या सगळ्या रचनांची यादी ओटो एरिख डॉइच या अभ्यासकाने विसाव्या शतकात केली आणि प्रत्येक रचनेला क्रमांक दिला. त्या यादीत एक नंबरला काय आहे माहितीये? चार हातांसाठी लिहिलेली फँटसी! साल १८१०, वय १३. म्हणजे ज्या मुलाच्या हातून पुढे सहाशेच्या वर गाणी आणि मोठमोठ्या सिंफनी झाल्या, त्याचं यादीतलं पहिलं पान एका बाकावर दोघांनी बसून वाजवायचं होतं. घरात भावांसोबत वाजवत वाढलेल्या मुलाला संगीत म्हणजे दोघांचं काम वाटलं, तर त्यात नवल नाही.

नोकरी आणि नकार

१८१२ मध्ये आई गेली. पुढच्या वर्षी त्याने ती शाळा सोडली आणि शिक्षकाचं प्रशिक्षण घेतलं. वडिलांची इच्छा साधी होती: मुलाने मास्तर व्हावं, हातात नियमित पगार यावा. ही इच्छा तुमच्यातल्या कितीतरी जणांच्या घरात आजही जशीच्या तशी आहे, त्यामुळे ती समजावून सांगायला नको. शुबर्ट वडिलांच्याच शाळेत लहान मुलांना मुळाक्षरं शिकवायला लागला.

शाळेचा कंटाळा आणि संगीताची घाई, दोन्ही एकाच वेळी चालू होतं. १८१५ या एका वर्षात, दिवसा वर्ग सांभाळत, त्याने १४० च्या आसपास गाणी लिहिली. महाकवी गटेंच्या कवितेवरचं, वादळी रात्री घोड्यावरून आजारी मुलाला नेणाऱ्या बापाचं प्रसिद्ध गाणं त्याच वर्षीचं. वय १८. तुमच्या एफवाय-एसवायच्या वयात!

आता नकारांची यादी बघा. १८१६ मध्ये त्याने संगीतशिक्षकाच्या एका सरकारी जागेसाठी अर्ज केला. नापास. त्याच वर्षी श्पाउनने शुबर्टची गाणी छान बांधून खुद्द गटेंना पाठवली. पार्सल परत आलं, सोबत एका ओळीचंही उत्तर नाही. दहा वर्षांनी राजदरबारातल्या एका पदासाठी त्याने पुन्हा अर्ज केला. ती जागाही दुसऱ्याला मिळाली. आयुष्यभर त्याला कायमची अशी नोकरी लागली नाही.

याच काळात थेरेस ग्रोब नावाची मुलगी त्याच्या आयुष्यात होती. १८१४ मध्ये त्याने वस्तीतल्या चर्चसाठी लिहिलेल्या प्रार्थनासंगीतात ती गायली होती. दोघांचं जुळावं असं त्याला वाटत होतं. पण १८१५ साली ऑस्ट्रियात एक कायदा आला. कुटुंब पोसण्याइतकी कमाई आहे हे दाखवल्याशिवाय त्याच्यासारख्या कमी उत्पन्नाच्या माणसाला लग्नाची परवानगी मिळत नव्हती. सहायक मास्तराची कमाई ती किती! १८२० मध्ये थेरेसचं लग्न एका बेकरीवाल्याशी झालं. ‘मुलगा काय करतो?’ हा प्रश्न तिथे नातेवाईकांच्या आधी सरकारच विचारत होतं.

हवेलीतला मास्तर

१८१८ च्या उन्हाळ्यात शुबर्टला एक काम मिळालं. एस्टरहाझी घराण्याच्या एका सरदाराला दोन मुली होत्या, मारी आणि कॅरोलिन. त्यांना उन्हाळ्यात संगीत शिकवायचं. ठिकाण झेलिझ, तेव्हा हंगेरीत, आता स्लोव्हाकियात. शुबर्टची राहण्याची सोय हवेलीत नव्हती, नोकरमंडळींच्या बाजूला होती. स्वयंपाकी, मोलकरणी, कारभारी हे त्याचे शेजारी. मुलींपुढे बसताना तो गुरू आणि शिकवणी संपली की पगारी माणूस. धाकटी कॅरोलिन तेव्हा जेमतेम बारा वर्षांची होती.

चार हातांच्या संगीताला त्या काळी एवढी मागणी का होती, हे इथे समजून घ्यायला हवं. रेकॉर्ड, रेडिओ काहीच नव्हतं. आवाज मुद्रित करणारं एडिसनचं यंत्र आलं १८७७ मध्ये. मोठा वाद्यवृंद ऐकायचा तर मोठ्या शहरात राहायला हवं आणि खिशात तिकिटाचे पैसे हवेत. मग घरी काय करायचं? सिंफनी चार हातांसाठी उतरवून घ्यायची आणि दोघांनी बसून वाजवायची. आज तुम्ही मोबाईलवर गाणं लावता, तेव्हा लोक शेजाऱ्याला बाकावर बसवायचे. शिवाय शिकवणीत गुरू आणि शिष्य शेजारी बसून वाजवू शकत, म्हणून शिक्षकालाही ही सोय उपयोगाची होती.

आणखी एक गोष्ट होती, जी उघड कुणी बोलत नसे. त्या काळच्या मोठ्या घरांत तरुण मुलगा आणि मुलगी इतक्या जवळ बसण्याचे प्रसंग फार थोडे. नाचताना, नाहीतर पियानोच्या बाकावर. तिथे हाताला हात लागला तरी कुणी भुवई उंचावणार नाही, कारण कागदावर तसंच लिहिलेलं असायचं.

शुबर्टने आयुष्यात चार हातांसाठी तीसहून अधिक रचना केल्या. मोठ्या संगीतकारांपैकी इतकं लक्ष या प्रकाराकडे दुसऱ्या कुणी दिलं नाही. इतरांसाठी ती घरगुती करमणूक होती. त्याने मात्र मनातलं सगळ्यात गंभीर त्यातच लिहिलं.

मित्रांच्या मैफली

झेलिझहून परतल्यावर त्याने शाळा कायमची सोडली. मग राहायचं कुठे? मित्रांकडे. कधी एका कवीच्या खोलीत, कधी शोबर नावाच्या मित्राच्या घरी. कित्येकदा स्वतःचा पियानोही नसायचा. पाच फुटांपेक्षा थोडी जास्त उंची, गोल चेहरा, सतत चष्मा. मित्रांनी त्याला अळिंबीवरून टोपणनाव ठेवलं होतं. सकाळी उठायचं आणि दुपारपर्यंत लिहायचं, हा त्याचा नेम. मग कॉफी, फिरणं, गप्पा.

१८२१ पासून मित्रांच्या घरी खास त्याच्या संगीताच्या मैफली व्हायला लागल्या. त्यांना नावच पडलं शुबर्टियाडे, म्हणजे शुबर्टची मैफल. त्यात चित्रकार, कवी, वकील, सरकारी कारकून असायचे. कुणी गायचं, कुणी कविता वाचायचं, शेवटी शुबर्ट पियानोवर नाचाचे ठेके धरायचा आणि बाकीचे नाचायचे. कुणी प्रकाशक धोका पत्करायला तयार होईना, तेव्हा याच मंडळींनी वर्गणी काढून त्याचं पहिलं गाणं छापलं. घोड्यावरच्या बापाचं तेच गाणं. लिहिल्यावर सहा वर्षांनी ते छापलं गेलं.

मोठ्या रंगमंचावर त्याला जागा नव्हती, म्हणून त्याच्या माणसांनी बैठकीच्या खोलीत जागा केली. तो काळ युरोपात रोमँटिक काळ म्हणून ओळखला जातो. राजाच्या किंवा चर्चच्या हुकमाने नाही तर स्वतःच्या मनाने लिहायचं, अशी हवा त्या काळात होती. शुबर्टच्या बाबतीत तर हुकूम करायला दारात कुणी उभंच नव्हतं.

आजार आणि कॅरोलिन

१८२२ च्या अखेरीस तो आजारी पडला. आजार होता सिफिलिस, त्या काळी बरा न होणारा. पुढच्या वर्षी दवाखान्यात राहावं लागलं, केस गळाले, काही दिवस टोप घालून फिरावं लागलं. वय २६. आपल्याला पूर्ण बरं वाटणार नाही, हे त्याला कळलं होतं. १८२४ च्या मार्चमध्ये एका चित्रकार मित्राला लिहिलेल्या पत्रात त्याने मनातला अंधार मोकळेपणाने मांडला. तब्येतीची आशा संपलेला, प्रेम आणि मैत्रीतून आता फक्त वेदना मिळणारा माणूस, असं स्वतःचं वर्णन त्याने त्यात केलं.

त्याच उन्हाळ्यात पुन्हा झेलिझचं बोलावणं आलं. या वेळी सरदाराच्या घरात त्याला मानाने वागवलं गेलं. सहा वर्षांत नाव थोडं झालं होतं. कॅरोलिन आता अठरा वर्षांची होती आणि पियानो उत्तम वाजवत होती. त्या उन्हाळ्यात त्याने चार हातांसाठी एकामागून एक रचना केल्या. त्यातली एक तर इतकी मोठी आणि भरदार, की पुढे अनेकांना ती वाद्यवृंदासाठीची सिंफनीच वाटली.

मित्रांनी नंतर आठवणींत लिहून ठेवलंय, की कॅरोलिनवर त्याचा जीव होता आणि तो शेवटपर्यंत राहिला. एक किस्सा त्यातलाच. तिने एकदा गमतीने तक्रार केली, की तुम्ही मला एकही रचना अर्पण केली नाही. त्यावर त्याने उत्तर दिलं, की त्याची गरजच काय, सगळं तसंही तुम्हालाच अर्पण आहे.

एक सरदारकन्या, दुसरा मास्तराचा बिनपगारी मुलगा, त्यात असा आजार. या गोष्टीला पुढचं पान नव्हतं आणि ते त्यालाही ठाऊक होतं. तिच्या मनात काय होतं, यावर कथा रचायचा मोह आपण टाळू या. नक्की इतकंच, की ती त्याच्या शेजारी बसून वाजवायची आणि त्या बाकावर दोघांची पायरी एक होती.

१८२८

१८२७ च्या मार्चमध्ये बेथोव्हन गेला. शुबर्टच्या दृष्टीने त्याच शहरात राहणारा देव. अंत्ययात्रेत मशाल घेऊन चालणाऱ्यांमध्ये शुबर्ट होता. त्यानंतरच्या वीस महिन्यांत त्याने जे लिहिलं, ते बघून आजही जाणकार थक्क होतात.

१८२८ च्या जानेवारीत त्याने एफ मायनर फँटसी लिहायला घेतली. फेब्रुवारीत शॉट नावाच्या जर्मन प्रकाशकाला आपल्याकडच्या तयार रचनांची यादी पाठवली, त्यात हिचं नाव होतं आणि कॅरोलिनला अर्पण असल्याचा उल्लेखही. गमतीतल्या त्या तक्रारीला अखेर लेखी उत्तर मिळालं. प्रकाशकाने मात्र ही रचना घेतली नाही.

या फँटसीत नेमकं काय आहे? पेटीच्या भाषेत सांगतो. षड्ज धरा पांढरी चार. डावीकडचा वादक खाली पाण्यासारखा वाहता ठेका धरतो. त्यावर उजवीकडचा एक छोटी, अडखळत बोलल्यासारखी सुरावट वाजवतो. खालच्या पंचमावर थोडं थांबते, मग एकदम षड्जावर उडी घेते, पुन्हा पंचमावर येते. दार वाजवावं की नको, असा विचार करत कुणी उंबऱ्याशी उभं असावं तशी. गंधार कोमल, म्हणून रंग उदास. थोड्या वेळाने तीच सुरावट शुद्ध गंधाराने येते आणि खोलीत ऊन आल्यासारखं वाटतं. पण ते ऊन टिकत नाही.

मग मोठा धक्का. सगळा डोलारा पांढरी चारवरून थेट काळी तीनवर जातो. षड्जच अर्ध्या सुराने वर! बैठकीत गवयाने मध्येच पट्टी बदलली तर जसे सगळे दचकून बघतील, तसं होतं. इथे कडक, झटक्यांचे सूर आहेत, त्यामागून नाचासारखा भरधाव भाग येतो. चारही हात एकमेकांवरून धावतात. वादकांची खरी परीक्षा इथे असते. दोघांचा श्वास एक नसेल, तर बोटं अक्षरशः एकमेकांवर आदळतात.

हे वादळ सरल्यावर पुन्हा पांढरी चार आणि पुन्हा तीच अडखळती सुरावट. मग शेवटचा भाग, ज्यात एकच कल्पना चार हातांमध्ये एकापाठोपाठ एक फिरते. एक सुरू करतो, दुसरा त्याच्या मागून तेच धरतो, मग तिसरा हात, मग चौथा. आवाज वाढत वाढत इतका चढतो, की आता काहीतरी निकाल लागणार असं वाटतं. आणि तिथेच सगळं एकदम थांबतं. पूर्ण शांतता. त्या शांततेतून सुरुवातीची सुरावट शेवटची एकदा येते, काही मोजके जड सूर वाजतात आणि रचना संपते. गंधार कोमलच राहतो.

तिचे सगळे भाग मध्ये न थांबता सलग वाजतात. टाळ्या वाजवायला जागाच नाही. घरातल्या दोघांसाठीच्या संगीतात एवढी उंची गाठता येते, हे तोवर कुणी फारसं दाखवलं नव्हतं.

त्याच वर्षी २६ मार्चला, बेथोव्हनच्या पहिल्या पुण्यतिथीला, मित्रांच्या आग्रहाने शुबर्टने फक्त आपल्या रचनांचा जाहीर कार्यक्रम केला. आयुष्यातला पहिला आणि शेवटचा. सभागृह भरलं, पैसेही बऱ्यापैकी मिळाले. पण तीनच दिवसांनी इटलीचा जगप्रसिद्ध व्हायोलिनवादक पागानिनी व्हिएन्नात वाजवणार होता. सगळं शहर त्याच्यामागे वेडं झालं आणि शहरातल्या वर्तमानपत्रांनी शुबर्टची दखलच घेतली नाही. व्हायरल होणं हा प्रकार तेव्हाही होता, फक्त शब्द नव्हता.

फँटसीचं काय झालं? ९ मे १८२८ रोजी बाउएर्नफेल्ड या नाटककार मित्राला ती ऐकवण्यात आली. बाकावर दोघे होते, शुबर्ट आणि फ्रांझ लाख्नर नावाचा तरुण संगीतकार मित्र. सभागृह नाही, तिकीट नाही. बाउएर्नफेल्डने रोजनिशीत त्याची नोंद केली, म्हणून आपल्याला तारीख ठाऊक आहे.

जूनपर्यंत त्याने चार हातांसाठी आणखी तीन रचना लिहिल्या. सप्टेंबरमध्ये तब्येत ढासळल्यामुळे तो भाऊ फर्डिनांडच्या घरी राहायला गेला. त्या महिन्यात पियानोच्या तीन मोठ्या रचना पूर्ण केल्या. नोव्हेंबरच्या ४ तारखेला तो एका शिक्षकाकडे संगीतरचनेतला एक अवघड भाग शिकायला गेला. ज्याच्या नावावर जवळजवळ हजार रचना आहेत, तो माणूस मरणाच्या पंधरा दिवस आधी शिकवणी लावतो! तो दुसऱ्या तासाला जाऊ शकला नाही. १९ नोव्हेंबर १८२८ रोजी तो गेला. वय ३१. आपल्या नगरमध्ये रेव्हरंड टिळकांकडे राहिलेले बालकवी तर २७ व्या वर्षीच गेले. अशा माणसांचं कामाचं आयुष्य किती वर्षांचं असतं, याचा हिशेब एकदा करून बघा.

मागे राहिलेलं

सरकारी कारकुनाने मालमत्तेची यादी केली. कपडे, अंथरूण-पांघरूण आणि थोडे जुने संगीताचे कागद. सगळ्याची किंमत धरली ६३ फ्लोरिन, त्यातले कागदांचे फक्त १०. बहुतेक हस्तलिखितं मित्रांकडे आणि भावाकडे होती. बेथोव्हनच्या जवळ जागा मिळावी म्हणून भावाने धडपड केली आणि ती मिळालीही. पुढे १८८८ मध्ये दोघांचेही अवशेष व्हिएन्नाच्या मोठ्या दफनभूमीत हलवले गेले. तिथेही दोघे शेजारीच आहेत.

एफ मायनर फँटसी १८२९ च्या मार्चमध्ये डायबेली या प्रकाशकाने छापली, कॅरोलिनच्या नावाने. लिहिणाऱ्याला जाऊन चार महिने झाले होते.

बाकीचं हळूहळू सापडत गेलं. १८३९ च्या पहिल्या दिवशी शूमान हा संगीतकार फर्डिनांडच्या घरी गेला, तेव्हा कागदांच्या ढिगात एक अख्खी सिंफनी पडलेली होती. मेंडेल्सोनने त्याच मार्चमध्ये ती लायप्झिग शहरात वाजवून घेतली. दुसरी एक सिंफनी, जिचे दोनच भाग पूर्ण आहेत, ती एका मित्राच्या कपाटात होती. ती लोकांनी ऐकली १८६५ मध्ये. आज ती अपुरी सिंफनी म्हणून जगभर वाजते. ‘अवे मारिया’ म्हणून प्रसिद्ध असलेलं त्याचं गाणं तर सिनेमात किंवा जाहिरातीत कुठे ना कुठे तुमच्या कानावरून गेलेलं असेल.

जग त्याला गाणी आणि सिंफनींसाठी ओळखतं, ते बरोबरच आहे. पण हा माणूस खरा कसा होता हे बघायचं, तर चार हातांची ही रचना ऐकावी. ज्याला पक्की नोकरी मिळाली नाही, हव्या त्या मुलीशी लग्न करता आलं नाही, ज्याच्या मोठ्या रचनांना सभागृह मिळालं नाही, त्याने आपलं उत्तम काम अशा प्रकारात ओतलं, ज्याला काहीच लागत नव्हतं. एक पियानो लागायचा, तोही मित्राचा चालायचा, आणि शेजारी बसणारं एक माणूस. मोठं सभागृह मिळेल तेव्हा चांगलं लिहीन, असं तो म्हणत बसला असता, तर हाती काय राहिलं असतं?

तुमच्यातले काही जण गातात, काही जण ढोलकी वाजवतात, कुणी लिहितं, कुणी एकांकिकेच्या तालमी करतं. पुण्या-मुंबईचं स्टेज लांब आहे, हे खरंच आहे. शुबर्टला तर राजधानीत राहूनही ते लांबच होतं. त्याने मित्रांच्या खोलीत बसून केलेलं काम जवळजवळ दोनशे वर्षं टिकलं.

तेव्हा आज रात्री वीस मिनिटं काढा. नुसतं ऐकू नका, दोघं वाजवताना दिसतील असा व्हिडिओ लावा. मधल्या पट्ट्यांकडे लक्ष ठेवा, जिथे एकाचा डावा आणि दुसऱ्याचा उजवा हात भेटतात. एक हात किंचित आधी उचलला जातो आणि दुसऱ्याला जागा होते, ते क्षण शोधा. शुबर्टने ते कागदावर लिहून ठेवले आहेत. आणि शेवटची शांतता येईल, तेव्हा गाणं संपलं म्हणून पुढे सरकवू नका. अजून थोडं शिल्लक असतं.